रक्त कमी नाही, पेशी लहान!

अगं ऐक ना. फक्त ऐक. मध्ये 'मग? मग?' करायचं नाही, फोन उलटा ठेव, आणि 'ती काय, नेहमीच चिडते' असं तर अजिबात म्हणायचं नाही. कारण या वेळी नम्रताचं चिडणं बरोबर होतं.

तर नम्रता. खडकीची, दारूगोळा कारखान्याच्या क्वार्टर्समधली. नाव नम्रता आणि स्वभाव असा की तिची आईच म्हणते, बारशाला जरा घाईच झाली आमची. खराडीच्या एका आयटी कंपनीत टेस्टर आहे. दिवसभर दुसऱ्यांच्या कामातल्या चुका काढायच्या आणि वर त्याचाच पगार घ्यायचा! तिच्यासाठी यापेक्षा चांगली नोकरी देवानेसुद्धा काढली नसती.

ऑक्टोबरातली गोष्ट. बाहेर ऊन नुसतं रणरणत होतं आणि आत ऑफिसात रक्तदान शिबिर. कॅफेटेरियातली टेबलं सरकवून खाटा लावलेल्या, बिस्किटांचे पुडे, ज्यूसचे खोके, सगळा थाट. सगळ्यात पुढे मॅनेजर रविराज सर, कारण फोटो काढायचा होता. नम्रताचा नंबर आला. टेबलामागे एक डॉक्टर. सावळा, उंच, जुळलेल्या भुवया, खिशाला शाईचा डाग... आणि इतका शांत की बघूनच राग यावा! त्याने तिचं बोट धरलं, टोचलं, रक्त बारीक नळीत ओढलं आणि एक थेंब मोरचुदाच्या निळ्या पाण्यात सोडला. रक्तात दम असेल तर तो थेंब बुडतो म्हणे.

नम्रताचा तरंगला. अगदी मजेत. उन्हाळी सुट्टीत पोहायला आल्यासारखा.

"नाही घेता येणार," तो म्हणाला.

"काय नाही घेता येणार?"

"तुमचं रक्त. हिमोग्लोबिन कमी आहे."

"मी सकाळी भरपेट पोहे खाऊन आलेय."

"पोह्यांचा संबंध नाही."

"मग तुमचं पाणी खराब असेल. परत टाका थेंब."

"सकाळपासून हेच पाणी सगळ्यांना चालायलंय," तो म्हणाला. अगदी शांतपणे. चालायलंय!

तेवढ्यात मागून रविराज सर, "अगं नम्रता, रक्त नाही तुला? रोज आमचं पितेस की!"

अख्खी रांग हसली. ती कानापर्यंत लाल झाली, म्हणजे रक्त होतं गं, बघ ना, होतंच की! एकटा तो हसला नाही. पण हे तिच्या लक्षात फार नंतर आलं. तेव्हा एवढंच लक्षात आलं की कापूस दाबून धरलेलं तिचं बोट त्याने अजून सोडलेलं नाही.

"लोहाच्या गोळ्या घेता?" त्याने हळूच विचारलं.

"शाळेपासून."

"फरक?"

"शून्य."

"आईलाही असंच? आजी, मावशी?"

"तुम्ही डॉक्टर आहात की वधूवर सूचक मंडळ?"

आता मात्र त्याच्या ओठाचा एक कोपरा हलला. "मला वाटतं, तुमच्यात लोह कमी आहे म्हणून हे होत नाहीये. पेशी लहान असतील. शनिवारी कसब्यात या, आमच्या रक्तपेढीत. नीट बघू."

"कुणाला भेटायचं?"

"उत्तरेश्वर म्हणा. लातूरकडचं नाव आहे, इथं सगळे दोनदा विचारतात."

"मी एकदाच विचारते," नम्रता म्हणाली आणि बिस्किटाचा पुडा उचलून तरातरा निघाली. रक्त न देता! सगळे बघतच राहिले.

शनिवारी ती गेली. का गेली? भांडायला. निदान स्कूटर लावायला जागा शोधत कसब्याच्या गल्ल्यांतून फिरताना तिने स्वतःला तसंच सांगितलं. पोचली तेव्हा घामाघूम, केस विस्कटलेले, आणि अंगावर निळी कुर्ती... आता भांडायला जाताना नवी कुर्ती कोण घालतं, ते मला विचारू नकोस.

त्याने रक्त घेतलं, काचपट्टीवर एक थेंब पसरला, रंगवला, वाळवला. मग खुर्ची मागे सरकवून म्हणाला, "या. बघा."

तिने मायक्रोस्कोपला डोळा लावला. गुलाबी गुलाबी बटणं. शेकडो. मधे फिकट, कडेला रंग. आणि त्यांच्यात एक मोठा जांभळा ठिपका.

"तो जांभळा म्हणजे पांढऱ्या पेशीचा गाभा," तो मागून म्हणाला. फार मागून नाही... खांद्याच्या जरासा वर. "लाल पेशी साधारण त्याच्याएवढी असते. तुमच्या बघा. लहान आहेत ना? यांना मायक्रोसाइट म्हणतात."

"शिवी आहे का?"

"नाही हो! मायक्रो म्हणजे लहान, साइट म्हणजे पेशी. लहान लाल पेशी. एवढाच अर्थ."

"म्हणजे मला मायक्रोसाइट झालाय."

"तो होत नसतो. आजाराचं नाव नाही ते, वर्णन आहे. एखादा माणूस बुटका आहे म्हटलं, तर त्याला बुटकेपणाचा ताप आलाय असा अर्थ होतो का? बुटका का राहिला, ते पुढं शोधायचं. कधी लोह कमी पडतं म्हणून पेशी लहान राहतात. कधी आईबापांकडूनच तशा येतात. पण लोक शोधतच नाहीत. रिपोर्टात हा शब्द दिसला की गोळ्या लिहून मोकळे."

"आणि माझ्या का लहान आहेत?"

"किती आहेत बघा ना. लोह नसतं तर एवढ्या झाल्याच नसत्या. या लहान आहेत, पण गर्दी करून काम भागवायलेत. अजून एक टेस्ट करू, मग नक्की सांगतो. पण मला वाटतं, त्या गोळ्यांची तुम्हाला कधी गरजच नव्हती."

झालं! भडका!

"गरज नव्हती? मी शाळेपासून हळिवाचे लाडू खातेय! मला हळीव आवडत नाही! लोखंडी कढईतला काळा पालक, बीट, खजूर... बीट तर मला स्वप्नात दिसतं! शाळेत प्रार्थनेला बाई मला बसवून ठेवायच्या, चक्कर येईल म्हणून. मला जन्मात कधी चक्कर आली नाही! कॉलेजात सिंहगडाला नेलं नाही मला. का, तर हिच्यात रक्त नाही! आणि एकालाही काचेतून बघावंसं वाटलं नाही?"

"तुम्ही माझ्यावर ओरडायलात," तो म्हणाला.

"समोर तुम्हीच आहात!"

"बरं. मग बाहेर जाऊन ओरडा. चहा पण मिळेल."

त्याने तिला कुठे नेलं माहितीये? तांबट आळीत. तिथे अजून तांब्याच्या भांड्यांवर हातोडे चालतात, ठण ठण ठण ठण, शेजारच्याचं बोलणंही ऐकू येत नाही. हातात चहाचा ग्लास घेऊन तिने पोटभर ओरडून घेतलं आणि आळीत एका माणसाने मान वर केली नाही. मग तिला हसूच आलं.

"हसलात," तो म्हणाला.

"काय?"

"म्हटलं, हसलात!" तो तिच्या कानाशी वाकला. "माझ्यासमोर माणसं रिपोर्ट घेऊन रडतात. नाहीतर गप्प होतात. चिडणारं कुणी येत नाही. तुम्ही चिडलात की... मला बरं वाटतं. वाटतं, अजून भांडता येतं."

ती काही बोलली नाही. नम्रता! काही बोलली नाही! तूच काय ते समज.

दुसरी टेस्ट आली. थॅलेसेमिया मायनर. म्हणजे आईबापांकडून येणाऱ्या एका रक्तदोषाची ती वाहक. तिला स्वतःला काही होणार नाही, पेशी आयुष्यभर लहान राहणार, बस. फक्त नवराही वाहक निघाला तर प्रत्येक गरोदरपणात चारात एक शक्यता की बाळाला मोठा थॅलेसेमिया असेल. मग त्या लेकराला दर थोड्या दिवसांनी दुसऱ्याचं रक्त, आणि ते जन्मभर.

घरी तिने हे सांगितलं तेव्हा तिची तुळजाआत्या लोणी काळभोरहून स्थळ घेऊनच आलेली. मुलगा सूरज, सोलापूर रोडला शेती, घरचे चांगले. आत्याने ऐकून घेतलं आणि हात झटकला.

"हे बघ, बायोडाटात रक्तगट लिवलाय न्हवं? बास झालं. पोरगी गुणाची हाय, दिसायला चांगली हाय. पेशी कोन मोजतंय?"

"आत्या, त्या मुलाचीही टेस्ट करायला सांग. दोघांना असेल तर—"

"गप! असलं इचारलं तर ते म्हनतील पोरगीच खराब हाय. कुनाला बोलायचं नाय!"

"खराब? मी खराब?" नम्रताचा आवाज शेजारच्या क्वार्टरपर्यंत गेला. वडील पेपर घेऊन गॅलरीत गेले. ती दणादणा पाय आपटत स्वयंपाकघरात गेली, आता आईशी भांडायला. आणि आई ओट्याला टेकून उभी होती. डोळे भरलेले.

"नमे," आईने विचारलं, "म्हणजे मी तुला नीट खाऊ घातलं नाही... असं नव्हतं ना ते?"

कारण आईला तिच्या सासूने तेच ऐकवलं होतं गं, आयुष्यभर. पोरीला खायला घालत नाही म्हणून. नम्रता दारातच उभी राहिली. तिचा राग एवढा होता की कुणावर काढावा तेच तिला कळेना. मग तिने आईला घट्ट मिठी मारली आणि त्या मिठीतही दात ओठ खातच होती.

त्यानंतर दर शनिवारी कसबा. कधी आईची टेस्ट, कधी काही विचारायचं, कधी... काहीच नाही. 'तुम्ही'चं 'तू' कसं झालं तेही ऐक. तो तिच्या स्कूटरच्या मागे बसला होता, सिग्नलला म्हणाला, "जरा हळू चालवा ना." ती म्हणाली, "उतर मग!" तेव्हापासून तू. तो तिला नमू म्हणायला लागला. ठसक्यात पुणेरी बोलणारी ही मुलगी त्याच्या 'करायलीस, बोलायलीस'च्या नकला करायची आणि मग एकदा ऑफिसात मीटिंगमध्ये स्वतःच म्हणाली, "मी बघायलेय." रविराज सर पाण्याचा घोट गिळायला विसरले.

एका शनिवारी तांबट आळीत चहा घेताना त्याने तिला राजनंदिनीबद्दल सांगितलं. त्याच्या बहिणीची मुलगी, लातूरला असते. तिला मोठा थॅलेसेमिया. ताईचं लग्न त्यांच्याच सख्ख्या आत्याच्या मुलाशी झालं होतं. घरातलंच स्थळ, त्यात बघायचं काय, असं सगळे म्हणाले. दोघंही वाहक निघाले, पण ते राजनंदिनी झाल्यावर कळलं. म्हणूनच तो या लाइनला आला, म्हणूनच शिबिरात नम्रताला आईचं विचारलं.

नम्रता ऐकत होती. हातातला चहा गार झाला होता. मग तिने अगदी साधं विचारलं, "आणि तुझं?"

तो ग्लासचा काठ बोटाने पुसत बसला.

"उत्तरेश्वर. सख्खी बहीण वाहक आहे. तुझी टेस्ट काय आली?"

"...केली नाही."

"काय?"

"केली नाही गं. दर वेळी म्हणतो करू. मग राहतं."

"राहतं?" ती उठून उभीच राहिली. "कॉलेजा-कॉलेजात जाऊन भाषणं देतोस, लग्नाआधी तपासा म्हणून! अख्ख्या पुण्याच्या बोटात सुया टोचतोस! आणि स्वतःचं बोट खिशात?"

"भीती वाटते," तो म्हणाला. एवढंच. मान खाली. "एकदा कळलं की परत न कळलेलं होता येत नाही. आधी ठीक होतं, मला लग्नच करायचं नव्हतं. आता..."

"आता काय?"

तो तिच्याकडे बघत राहिला. हातोड्यांचा आवाज चालूच होता, ठण ठण ठण. अगं, असं 'आय लव्ह यू' कुणी म्हणतं का? पण ते तेच होतं. तिला कळलं. आणि कळलं म्हणून ती आणखी भडकली!

त्याच पावली त्याला मनगटाला धरून रक्तपेढीत आणलं. त्याची सहकारी डॉक्टर शेफाली, तिच्यासमोर खुर्चीत बसवलं. "यांचं रक्त घ्या." शेफालीने दोघांकडे बघितलं आणि एक शब्द न विचारता दंडाला पट्टा बांधला. सुई जाताना तो नम्रताची ओढणी धरून होता. डॉक्टर! ओढणी!

आणि मग मंगळवारी दुपारी मेसेज आला. तुला तसाच्या तसा सांगते. 'रिपोर्ट आला. मीही वाहक. आपलं आता नको. आत्यांनी आणलेलं स्थळ बघ. त्या मुलाची टेस्ट मात्र नक्की करून घे.'

शेवटचं वाक्य ऐकलंस? मन मोडायचं आणि खाली वैद्यकीय सल्ला द्यायचा!

नम्रताने लॅपटॉप बंद केला, रविराज सरांना "मी निघालेय" म्हणाली, 'जाऊ का' नाही, आणि खराडीहून थेट कसबा. रक्तपेढीत शिरली ती हेल्मेटसकट. तो मायक्रोस्कोपला डोळा लावून बसलेला.

"वर बघ."

त्याने बघितलं. डोळे सुजलेले. त्याचे.

"हे कुणी ठरवलं?"

"काय?"

"आपलं नको, हे. कुणी ठरवलं?"

"नमू, पुढं काय होऊ शकतं ते तुला माहितीये—"

"माहितीये! तूच शिकवलंस. प्रत्येक वेळी चारात एक. पाठ आहे मला. मी विचारतेय, ठरवलं कुणी?"

"...मी."

"एकट्याने."

"तुझ्यासाठीच ना."

"माझ्यासाठी!" हेल्मेटच्या आतून आवाज असा घुमला की बाहेरच्या बाकावरची माणसं वळून बघायला लागली. "शाळेत बाईंनी बसवून ठेवलं, माझ्यासाठी. लाडू, माझ्यासाठी. आत्या लपवणार, तेही माझ्यासाठी. आणि आता तू! रक्त माझं, आणि मला सोडून सगळ्यांचा त्याच्यावर हक्क! तुला तरी वेगळं वाटेल असं मला वाटलं होतं. तू काचेतून बघितलं होतंस रे..."

तो उठला. त्याचा आवाज पहिल्यांदाच चढला. "मी राजनंदिनीचा हात धरून बसलोय, नमू! शीर सापडत नाही तिची. ती रडत पण नाही, म्हणते मामा, आज दुसऱ्या हातात बघा. मी ते तुला द्यायचं? ठरवून? माहीत असून?"

ती हळूच स्टुलावर बसली.

"नको देऊस," ती म्हणाली. आवाज खाली आला होता, पण राग तसाच. "पोटात असतानाच तपासता येतं, तूच सांगितलंस. ते झेपणार नसेल तर दत्तक घेऊ. तेही नको वाटलं तर दोघंच राहू. मला काय हवंय ते मला अजून माहीत नाही. तुलाही नाही. पण ते दोघांनी बसून ठरवायचं. भांडून ठरवू, रडून ठरवू. तू एकट्याने मेसेज टाकून नाही."

"आणि चुकलं तर?"

"तर मी तुझ्यावर चिडीन."

"रोज?"

"रोज."

त्याच्या ओठाचा तो कोपरा हलला. तिने हेल्मेटचा पट्टा सोडायला हात नेला, तर अडकला. ओढते तर आणखी घट्ट. आता या पट्ट्यावर चिडायचं का? तो पुढे झाला, हनुवटीखाली बोटं घालून त्याने तो हळूच सोडवला, हेल्मेट काढलं, आणि कपाळावर चिकटलेले केस... बाजूला केले.

"लग्न पेशींशी करायचंय की माझ्याशी?" तिने विचारलं. "हो की नाही?"

तो काहीतरी पुटपुटला.

"ऐकू नाही आलं. मशीन चालू आहे."

"हो! हो म्हणालो! किती ओरडायलीस!"

"आम्हाला आलं ऐकू," बाहेरून डॉक्टर शेफाली म्हणाली.

रविवारी तो खडकीला गेला. गंमत म्हणजे आत्याने कुठून तरी त्याची जन्मवेळ मिळवून पत्रिका बघितली होती. बत्तीस गुण! "आन् रक्तगट बी वेगळा! मग अडलंय कुठं?" आत्या एकदम त्याच्याच बाजूची. पण त्याने कांदेपोह्यांना हात लावायच्या आधी सगळं सांगितलं. मायक्रोसाइट म्हणजे काय, वाहक म्हणजे काय, दोघं वाहक म्हणजे काय. कमी नाही, जास्त नाही, राजनंदिनीसकट. आई पदर तोंडाला लावून ऐकत होती. आत्याचा बत्तीस गुणांचा आनंद कुठल्या कुठे गेला. वडील हातातली बशी खाली ठेवून म्हणाले, "आम्हाला दोन दिवस द्या."

नम्रता उभी राहिली. सगळ्यांना वाटलं, आता भडका. पण ती शांत होती. मला तर तेच जास्त भयंकर वाटतं.

"घ्या ना बाबा," ती म्हणाली, "दोन काय, चार दिवस घ्या. पण समजून घ्यायला घ्या. ठरवायला नाही. ठरलंय आमचं."

आणि त्याच्या हातातली पोह्यांची बशी घेऊन, त्यात लिंबू पिळून तिने परत त्याच्या हातात दिली. "खा. गार झालेत."

झालं. एवढंच. दोन दिवस आज संपतात.

आता बोल तू. केव्हाची ओठ चावत बसलीयेस. खरं खरं सांग हं... तो मंगळवारचा मेसेज तिच्याऐवजी तुला आला असता, तर तू काय केलं असतंस?